इंटरनॅशनल शाळा मुळात कुणासाठी निघाली?

 

गेल्या काही महिन्यांत आमच्या प्रभागातल्या गटांकडे कर्जाचे जे अर्ज आले, त्यात शेळी, शिलाई मशीन, बी-बियाणं हे नेहमीचं होतंच. पण बऱ्याच अर्जांवर एक नवं कारण दिसलं, ‘मुलाच्या ॲडमिशनसाठी’. आणि शाळांची नावं वाचली तर सगळ्यांत एक शब्द समान, इंटरनॅशनल. अमुक इंटरनॅशनल स्कूल, तमुक इंटरनॅशनल अकॅडमी. तालुक्याच्या रस्त्याला लागलं की पेट्रोल पंपाच्या पुढं एक, बाजार समितीच्या मागं एक. एक तर पत्र्याच्या शेडमध्ये आहे, पण पाटी मात्र लांबून दिसेल अशी निळी-पिवळी. एका गटाच्या बैठकीत एका आजींनी विचारलं, “अगं, इंटरनॅशनल म्हंजी तिथं काय येगळं शिकिवत्यात?” पाच-सहा जणींनी उत्तरं दिली. कुणी म्हणालं इंग्रजी बोलायला शिकवतात, कुणी म्हणालं टाय असतो, कुणी म्हणालं गाडी दारात येते. आजींचं समाधान झालं नाही, आणि खरं सांगायचं तर त्यांचा प्रश्न बरोबर होता. म्हणून आजच्या भाषणाला मी हाच विषय घेतला आहे. इंटरनॅशनल शाळा हा प्रकार कुठून आला, कुणासाठी आला, आणि आपल्या रस्त्यावरच्या पाटीशी त्याचं नातं किती.

त्यासाठी जरा लांब जावं लागेल. शंभर वर्षं मागं, स्वित्झर्लंड देशातल्या जिनिव्हा गावात.

पहिलं महायुद्ध १९१८ मध्ये संपलं. पुन्हा असं युद्ध होऊ नये म्हणून देशांनी मिळून राष्ट्रसंघ नावाची संस्था काढली आणि तिचं ऑफिस जिनिव्हात थाटलं. कामगारांच्या प्रश्नांसाठी आंतरराष्ट्रीय कामगार संघटना निघाली, तीही तिथंच. मग वेगवेगळ्या देशांतले अधिकारी, कारकून, डॉक्टर बायकापोरांसकट तिथं राहायला आले. कुणी अमेरिकेतून, कुणी पोलंडमधून, कुणी इंग्लंडमधून. आता पोरांचं काय करायचं? जिनिव्हातल्या शाळा फ्रेंच भाषेत चालायच्या. बाप चार वर्षांनी परत जाणार, पुन्हा मूल आपल्या देशातल्या शाळेत बसणार, तिथली पुस्तकं वेगळी, परीक्षा वेगळी. इथलं शिकलेलं तिथं चालणार नाही आणि तिथलं इथं कुणी विचारणार नाही.

तेव्हा या नोकरदार पालकांनीच पुढाकार घेतला आणि १९२४ मध्ये आपल्या मुलांसाठी एक शाळा काढली. सुरुवात झाली एका लाकडी बंगलीत, आठ मुलांवर. आपल्या एखाद्या वस्तीशाळेचा पट असावा तेवढा. ती जिनिव्हाची इंटरनॅशनल स्कूल. शाळा पहिल्यापासून दोन भाषांची होती, इंग्रजी आणि फ्रेंच. ही गोष्ट लक्षात ठेवा, मी पुन्हा तिच्याकडं येणार आहे.

त्या पालकांत लुडविक राइखमन नावाचे एक पोलिश डॉक्टर होते. राष्ट्रसंघाचं आरोग्याचं काम ते बघायचे. पुढं दुसऱ्या महायुद्धानंतर युनिसेफ निघाली तिचे ते पहिले अध्यक्ष झाले. युनिसेफ हे नाव तुम्ही अंगणवाडीत, लसीकरणाच्या पोस्टरवर वाचलेलं असेल. तर तो माणूस हा. या शाळेची मुख्याधिकारी १९२९ पासून १९४९ पर्यंत एक बाई होती, मारी-तेरेझ मोरेत. वीस वर्षं, त्यातली सहा दुसऱ्या महायुद्धाची! एकमेकांशी लढणाऱ्या देशांची मुलं ज्या शाळेत शिकायची ती सांभाळणं काय सोपं असेल? शांततेचं शिक्षण कसं द्यायचं यावर तिनं युनेस्कोसाठी पुस्तिका लिहिली.

आणि आपल्या ओळखीचं एक नाव. कमला नेहरूंची तब्येत बिघडली म्हणून १९२६ मध्ये नेहरू कुटुंब उपचारासाठी स्वित्झर्लंडला गेलं. त्यांची आठ वर्षांची मुलगी तिथं काही काळ याच शाळेत जात होती. ती मुलगी म्हणजे इंदिरा गांधी. आईचं दुखणं, परका देश, परकी भाषा, आणि शाळेत सगळीच मुलं कुठून कुठून आलेली. एका अर्थानं तिच्यासारख्यांसाठीच ती शाळा होती.

म्हणजे आजींच्या प्रश्नाचं अर्धं उत्तर असं, की इंटरनॅशनल शाळा निघाली ती नोकरीसाठी दुसऱ्या देशात राहायला गेलेल्या लोकांच्या मुलांसाठी. गावात राहणाऱ्यांसाठी नव्हे, गाव सोडून आलेल्यांसाठी. शाळा चांगली की वाईट हा प्रश्न पुढचा. ती काढण्याचं कारण आधी समजून घ्यायला हवं.

पण शाळा काढून भागलं नाही. मुलं मोठी झाली की अडचण यायची कॉलेजच्या प्रवेशाची. एका वर्गात बसलेली दहा मुलं, एकाला इंग्लंडच्या परीक्षेची तयारी करायची, दुसऱ्याला फ्रान्सच्या, तिसऱ्याला अमेरिकेच्या. मास्तरांनी एकाच तासाला काय काय शिकवायचं? मग या शाळेतल्या शिक्षकांनी बरीच वर्षं खटपट करून अशी एक परीक्षा तयार केली की जी कुठल्याही देशातल्या विद्यापीठानं मान्य करावी. त्यातून १९६८ मध्ये जिनिव्हातच इंटरनॅशनल बॅकलॉरिएट नावाची संस्था उभी राहिली. तोंडाला अवघड नाव आहे, म्हणून सगळे आयबी म्हणतात. आज दीडशेहून जास्त देशांत तिच्या शाळा आहेत. सुरुवात अकरावी-बारावीपासून झाली, लहान वर्गांचा अभ्यासक्रम खूप नंतर, १९९० नंतर आला. दुसरं असंच नाव आहे केंब्रिज, ते इंग्लंडमधलं. इंटरनॅशनल शाळा म्हणजे साधारणपणे या दोन्हींपैकी एकाच्या अभ्यासक्रमाची शाळा असं मानतात.

आपल्या देशात कोडाईकॅनॉलला १९०१ मध्ये अमेरिकन मिशनऱ्यांच्या मुलांसाठी शाळा निघाली होती. तीच पुढं कोडाईकॅनॉल इंटरनॅशनल स्कूल झाली आणि १९७६ मध्ये भारतात आयबी पहिल्यांदा तिथं आलं. मुंबईत १९८१ मध्ये अमेरिकन स्कूल ऑफ बॉम्बे सुरू झाली, अमेरिकन वकिलातीतल्या आणि परदेशी कंपन्यांतल्या लोकांच्या मुलांसाठी. पुण्याच्या बाजूला मर्सिडीज गाड्यांचा कारखाना आला, जर्मन इंजिनिअर कुटुंब घेऊन आले, तेव्हा १९९८ मध्ये त्यांच्या मुलांसाठी पुण्यात शाळा निघाली. कारखाना आला की मागून शाळा येते, असं हे गणित आहे.

आता फीचं बोलते, कारण आपल्या गटाचा संबंध फीशी आहे.

या शाळांची फी वर्षाला कित्येक लाखांत असते. ऐकून आपल्याला घेरी येते. पण ती फी भरतं कोण? पुष्कळ वेळा बाप भरत नाही, आईही भरत नाही. कंपनी भरते. परदेशात बदली करताना पगार, घरभाडं, वर्षातून एकदा मायदेशी जायचं विमानाचं तिकीट आणि मुलांच्या शाळेची फी, असं सगळं ठरवून देतात. संयुक्त राष्ट्रसंघाच्या नोकरदारांना तर मुलांच्या शिक्षणासाठी वेगळं अनुदान मिळण्याचा नियमच आहे. म्हणजे ही फी ठरली ती कंपनीच्या खिशाकडं बघून. बाईच्या कानातलं बघून नव्हे.

आपल्याकडं मात्र पाटी उचलली, फीचा रुबाब उचलला, आणि भरायला कंपनी नाही. भरायला आहे कापूस, दूध, आणि बचत गट.

मी इंग्रजीच्या विरोधात बोलते आहे असं कृपा करून समजू नका. मी मराठी माध्यमातून बीए झाले, आणि पंचायत समितीत इंग्रजी परिपत्रक समोर आलं की अजून दोनदा वाचावं लागतं. इंग्रजी यायलाच हवी. तुमच्या पोराला यावी ही तुमची इच्छा शंभर टक्के योग्य आहे. प्रश्न एवढाच, की पाटीमागं ती आहे का. आणि इंग्रजी येण्यासाठी मराठी काढून टाकावी लागते का.

इथं मघाची ती दोन भाषांची गोष्ट. परदेशी राहणारे सगळेच लोक मुलांना इंग्रजी शाळेत घालतात असं मुळीच नाही. जपानी लोक जगभर जिथं कामाला जातात तिथं जपानी शाळा काढतात, त्यांचं सरकार मायदेशातून शिक्षक पाठवतं. मुंबईत अशी जपानी शाळा आहे. फ्रेंच मुलांसाठी फ्रेंच शाळा आहे, जर्मन मुलांसाठी जर्मन शाळा आहे. त्यांना इंग्रजी नको असते असं नाही. ते इंग्रजी शिकवतातच. पण गणित, विज्ञान, आपल्या देशाचा इतिहास हे मूल ज्या भाषेत विचार करतं त्या भाषेत शिकवतात, कारण उद्या त्याला घरी परत जायचं आहे. आपली मराठी माणसं अमेरिकेत गेली, तिथं मुलं दिवसभर इंग्रजीतच शिकतात, तर बृहन्महाराष्ट्र मंडळानं तिथल्या गावोगावी मराठी शाळा सुरू केल्या. सुट्टीच्या दिवशी आया स्वतः शिकवतात, ‘क’ कमळाचा. जे अमेरिकेत राहून पोराला मराठी यावी म्हणून रविवार घालवतात, त्यांचेच भाऊबंद इथं पोरानं वर्गात मराठी शब्द काढला म्हणून दंड भरतात. हे मी ऐकीव सांगत नाही. आमच्याकडच्या एका शाळेत दहा रुपये दंड आहे, नाव घेत नाही.

आखातात गेलेल्यांची तिसरी तऱ्हा. दुबई, मस्कत, कतार इथं आपल्या सीबीएसई बोर्डाच्या भारतीय शाळा आहेत, त्यात आपल्या नोकरदारांची मुलं शिकतात. पण गवंडी, सुतार, ड्रायव्हर म्हणून गेलेला माणूस बहुधा कुटुंब नेऊच शकत नाही. ठराविक पगार असल्याशिवाय बायकामुलांचा व्हिसा मिळत नाही. त्याची मुलं इथं आजीजवळ. म्हणजे एकाच देशात कामाला गेलेल्या दोन माणसांत एकाचं पोर इंटरनॅशनल शाळेत आणि दुसऱ्याचं पोर आईबापांपैकी एकाशिवाय.

हे वाचत असताना मला सारखी आपली ऊसतोडीची मुलं आठवत होती. कारण प्रश्न तोच आहे बायांनो, अगदी तोच. आईबापाचं काम फिरतं, मग मुलाची शाळा तुटते. दिवाळी झाली की आपल्या गावातून ट्रॅक्टर भरून जातात. नवरा-बायको मिळून एक कोयता. मुकादमाची उचल फेडायची तर दोघांनाही जावं लागतं. पाच-सहा महिने कोपीत राहायचं, पहाटे फडात. मोठी पोरगी धाकट्याला सांभाळते, पाणी आणते, भाकऱ्या करते. चैतात परत येते तोवर वर्गाचं पुस्तक संपलेलं असतं. दोन-तीन वर्षं असं झालं की ती शाळेत जायला लाजते, आणि मग लग्न. हे मी तुम्हाला सांगायला नको, तुमच्यातल्या कितीतरी जणी त्यातूनच आल्या आहात.

अमेरिकेतल्या रूथ हिल युसीम नावाच्या समाजशास्त्राच्या अभ्यासक बाई १९५० नंतरच्या काळात नवऱ्याबरोबर भारतात आल्या होत्या. इथं राहणाऱ्या अमेरिकन कुटुंबांचा त्यांनी अभ्यास केला. आईबापाच्या देशातही पुरतं बसत नाही आणि जिथं वाढलं त्या देशातही नाही, अशा मुलांना त्यांनी ‘थर्ड कल्चर किड्स’ म्हटलं. तिसऱ्या संस्कृतीची मुलं म्हणू. या मुलांना “तुझं गाव कोणतं” विचारलं की उत्तर देता येत नाही. चांगला मित्र झाला की एक तर तो जातो, नाही तर आपण जातो. पैशाअडक्याची कमतरता नसलेल्या मुलांच्या दुःखावर जगात केवढी पुस्तकं निघाली! निघू देत, पोरांचं दुःख ते दुःखच. पण कारखान्यावर “हे बीडवाले” आणि गावात “हे सहा महिने नसतात” असं ऐकणाऱ्या आपल्या पोरीचं दुःख मोजायला कोण आलं?

अगदीच कुणी काही केलं नाही असं नाही. कारखान्यांवर साखरशाळा निघाल्या, काही चालल्या, काही बंद पडल्या. गावात हंगामी वसतिगृह असतं. आईबाप ऊसतोडीला गेले तरी मूल गावातच, आपल्याच शाळेत राहावं आणि त्याच्या जेवणाची सोय व्हावी यासाठी ते आहे. आणि तिसरी गोष्ट, जी फार थोड्यांना माहीत असते, ती म्हणजे शिक्षण हमी पत्रक. मूल स्थलांतर करणार असेल तर गावच्या शाळेनं त्याला हे पत्रक द्यायचं. त्यावर मूल कितवीत आहे, त्याला काय येतं, हे असतं. जिथं जाईल तिथल्या शाळेनं ते बघून त्याला वर्गात बसवायचं, आणि परत येताना तिकडच्या शाळेनं तसंच द्यायचं. जिनिव्हातल्या शिक्षकांनी जे केलं ते दुसरं काय होतं? एका ठिकाणचं शिकलेलं दुसऱ्या ठिकाणी चालावं, यासाठीचा कागद. त्यांच्या कागदाला जगातली विद्यापीठं मान देतात. आपला कागद कित्येकदा मुख्याध्यापकांच्या कपाटातून बाहेरच येत नाही, कारण आपण मागत नाही. तेव्हा ट्रॅक्टर निघायच्या आधी मागा. तो नसला तरी घाबरू नका. शिक्षण हक्क कायदा २००९ मध्ये झाला, त्यात स्पष्ट आहे की दाखला मिळायला उशीर झाला म्हणून दुसऱ्या शाळेला प्रवेश अडवता येत नाही. जन्माचा पुरावा नाही म्हणूनही अडवता येत नाही.

आता पाटीकडं परत येते. कर्जाच्या अर्जावर सही करण्याआधी आमच्या ग्रामसंघात आता काही गोष्टी विचारायच्या असं ठरलं आहे. कर्ज नाकारण्यासाठी नव्हे. शेळी घेताना दात बघतो, तसंच.

पहिलं म्हणजे शाळेला यूडायस क्रमांक आहे का, आणि शासनाची मान्यता कितवीपर्यंत आहे. यूडायस अकरा आकडी असतो. तो विचारताना लाजायचं काम नाही. कितीतरी ठिकाणी मान्यता चौथीपर्यंतच असते आणि पाटीवर मात्र दहावीचा फोटो. दुसरं, बोर्ड कोणतं. आयबी, केंब्रिज, सीबीएसई की आपलं राज्य मंडळ? सीबीएसई असेल तर संलग्नता क्रमांक मागा. “सीबीएसई पॅटर्न” असं उत्तर आलं तर समजा की संलग्नता नाही, फक्त पुस्तकं तशी लावली आहेत. आणि आयबी किंवा केंब्रिज आमच्या तालुक्यातल्या एकाही इंटरनॅशनल शाळेत नाही, मी सगळीकडं विचारून आले आहे. शाळेच्या नावात इंटरनॅशनल असलं म्हणजे बोर्ड इंटरनॅशनल होत नाही. जसं हॉटेलला ताजमहाल नाव दिलं म्हणून कुणी आग्र्याला जात नाही.

मग शिक्षकांचं. डीएड-बीएड झालेले किती? ते स्वतः इंग्रजीत दोन वाक्यं बोलतात का? वर्गाच्या खिडकीशी पाच मिनिटं उभं राहून ऐका. मुलं घोकत असतील तर घोकंपट्टी इंग्रजीत असली काय आणि मराठीत असली काय, घोकंपट्टीच ती.

आणि हिशोब. समजा फी २८,००० रुपये. गाडीचे ९,०००. कपडे, बूट, पुस्तकं मिळून ७,०००. झाले ४४,०००. गटातून शेकडा दोन रुपयांनी उचललं तर पहिल्या महिन्याचं व्याजच ८८० रुपये. व्याज आपल्याच गटात राहतं हे खरं, पण जिला भरायचं तिच्या पदरातून जातंच ना. आणि हे एका वर्षाचं झालं. कर्जाचे हप्ते दीड वर्षाचे धरले तर ते फिटायच्या आधी पुढचा जून येतो. नर्सरीपासून दहावीपर्यंत तेरा वर्षं धरली आणि फी एक रुपयानंही वाढली नाही असं मानलं, तरी ५,७२,००० होतात. शेतीसाठी घेतलेलं कर्ज पिकातून फिटतं, शेळीचं शेळीतून फिटतं. शाळेचं कर्ज कशातून फिटणार, हे अर्जावर लिहायला आम्ही आता एक रकाना ठेवला आहे. तो भरताना बाई पाच मिनिटं थांबते. त्या पाच मिनिटांसाठीच तो ठेवला आहे.

डोनेशन मागितलं तर? शिक्षण हक्क कायद्यानं डोनेशन घेणं हा गुन्हा आहे, घेतलेल्या रकमेच्या दहापट दंड होऊ शकतो. प्रवेशासाठी मुलाची किंवा आईबापाची परीक्षा, मुलाखत घेणंही चालत नाही. “आई किती शिकली आहे” हे विचारून कुणाला परत पाठवत असतील तर ते बेकायदा आहे. पावतीशिवाय एक रुपया देऊ नका. शुल्काबाबत आपल्या राज्याचा २०११ चा कायदा आहे. त्याप्रमाणं शाळेत पालक-शिक्षक संघ असावा लागतो आणि फीचा प्रस्ताव त्याच्या कार्यकारी समितीपुढं यावा लागतो. त्या समितीत नाव द्या. आपण बँकेच्या मॅनेजरपुढं उभं राहायला शिकलो, मुख्याध्यापकांपुढं का नाही?

खासगी शाळेत पंचवीस टक्के जागा वंचित आणि दुर्बल घटकांतल्या मुलांसाठी असतात, हेही सांगते. अर्ज ऑनलाइन, निवड सोडतीनं, फी आठवीपर्यंत भरावी लागत नाही. मात्र नववीला काय करणार हे आजच ठरवा. आठवीपर्यंत तिथं वाढलेलं मूल एकदम काढावं लागलं तर त्याला फार लागतं. आणि कपडे, गाडी, सहल यांचे पैसे शाळा कसे मागते, हे आधी दोन पालकांना विचारून घ्या.

आणखी एक, जे मला अर्ज चाळताना टोचलं. ॲडमिशनसाठीचे बहुतेक अर्ज मुलग्यांचे. त्याच घरातली मुलगी जिल्हा परिषदेच्या शाळेत. विचारलं तर म्हणाल्या, “तिला काय, तिथं फुकट आहे.” फुकट आहे म्हणून ती शाळा वाईट असं नाही हो, पण मग मुलग्याला का नाही चालत? आणि कर्ज फेडायला आईच्या बरोबर खुरपायला कोण जातं? तीच मुलगी. या अर्जांवर आमच्या ग्रामसंघात जोरात भांडण झालं, अजून मिटलेलं नाही. माझं मत मी तिथं सांगितलं आणि इथंही सांगते, की एकाच घरात दोन शाळा असतील तर गटानं आधी त्या घरी जाऊन बसावं, मग कर्जाचं बोलावं.

जिल्हा परिषदेच्या शाळेत काय आहे तेही बघून घ्या. आपल्या राज्यात २००० सालापासून पहिलीपासून इंग्रजी शिकवतात. कितीतरी शाळांत सेमी इंग्रजी आहे, म्हणजे गणित-विज्ञान इंग्रजीत, बाकी मराठीत. दोन भाषांची शाळा, जिनिव्हासारखीच म्हणा की! पुणे जिल्ह्यातल्या शिरूर तालुक्यात वाबळेवाडीची जिल्हा परिषद शाळा गावकऱ्यांनी अशी उभी केली की लोक लांबून बघायला यायला लागले. सरकारनं मध्यंतरी आंतरराष्ट्रीय शिक्षण मंडळसुद्धा काढलं होतं, त्यात अशा जिल्हा परिषद शाळा घेतल्या होत्या. पुढं सरकार बदललं आणि ते मंडळ गुंडाळलं गेलं. मंडळं येतात-जातात. शाळा व्यवस्थापन समिती मात्र कायद्यानं आहे, तिच्यात तीन चतुर्थांश पालक आणि निम्म्या महिला असाव्या लागतात. आमच्या गावच्या समितीत महिला होत्या, सह्या घरी येऊन घेतल्या जायच्या. यंदा त्या चौघी बैठकीला जाऊन बसल्या. पहिली मागणी काय केली? वर्गात पंखा नाही, संगणक बंद नाही, तर “इंग्रजीच्या तासाला मास्तर रोज इंग्रजी बोलतील का?” मास्तर हसले, पण आता बोलतात. मोडकं-तोडकं बोलतात, मुलंही मोडकं-तोडकं उत्तर देतात. चालू द्या.

पुढच्या गुरुवारी याच वेळेला शिक्षण हमी पत्रकाचा नमुना मी वाचून दाखवणार आहे, रकाना-रकाना. ज्यांच्या घरातून ऊसतोडीला जाणार आहेत त्यांनी मुलांची नावं, इयत्ता आणि कोणत्या कारखान्यावर जाणार हे गटाच्या सचिवांकडं लिहून द्यावं. मुख्याध्यापकांकडं आपण सगळ्या मिळून एकदमच जाऊ. आणि खासगी शाळेत पैसे भरलेल्या तायांनी आपापल्या पावत्या बैठकीला घेऊन याव्यात. पावती नसेल तर किती दिले, कुणाच्या हातात दिले आणि कोणत्या तारखेला, एवढं चिठ्ठीवर आणलं तरी चालेल.